वाघाचा डावा सुळा

कवळीवाली माणसाच्या तोंडाकडे आधी बघायची, चेहऱ्याकडे मागाहून. त्याला तिचा इलाज नव्हता. समोरच्या खोलीतल्या टेबलाशी बसून तिने वर्षानुवर्षं लोकांच्या कवळ्या केल्या होत्या. दातांचे डॉक्टर माप घेऊन पाठवायचे, ती त्यावरून प्लास्टरचा साचा ओतायची, मेणात दात बसवायची, आणि चार दिवसांनी डब्यात घालून कुणाचं तरी हसू परत पाठवायची. रस्त्याने चाललं की समोरून येणारं निम्मं हसू तिच्याच हातचं. लोक तिला ओळखत नसत, ती मात्र त्यांना नंबरावरून ओळखायची. हा तेहतीस नंबर, वरची बसवून आलाय, खालची खिशात टाकलीय. ही एकोणसाठ, हिने पहिल्या दिवशी कवळी पाडली आणि नाव माझं घेतलं.

धंदा मूळचा नवऱ्याचा. शेजारी बसून ती शिकली, कारण त्याला दिवसभर बोलायला कुणीतरी लागायचं आणि नुसतं ऐकत बसणं हिच्या हातांना जमत नव्हतं. तो गेला तेव्हा ती चौतीस वर्षांची होती. पंधराव्या दिवशी ती उठून टेबलाशी बसली, कारण दोन कवळ्या अर्ध्यावर राहिल्या होत्या आणि त्यांचे मालक घरी पेज पीत बसले होते.

हे तिच्या दिराला पसंत पडलं नाही. दीर वरच्या मजल्यावर राहायचा. संग्रहालयात त्याला नोकरी होती. जमिनीतून निघालेली जुनी हाडं ब्रशने आणि सुईने साफ करायची, फुटलेली जोडायची. समोरची खोली त्याला बैठकीसाठी हवी होती.

"वहिनी, तुम्ही आता माहेरी जा. खूप केलंत. आराम करा."

"आराम वर गेल्यावर करीन."

"वर तर आम्ही राहतो," दीर म्हणाला, आणि हसला. नवऱ्याला जाऊन महिनाही झाला नव्हता. ते हसू तिने जपून ठेवलं, जशी इतर बायका दागिना ठेवतात.

त्यानंतर चार वर्षं दोघं बोलले नाहीत. बोलायचं ते सासूबाईंमार्फत. सासूबाई राहायच्या खाली, जेवायच्या खाली, आणि बाजू घ्यायच्या वरची. "धाकट्याला सांगा, नळ वाहतोय," असं हिने म्हटलं की त्या जिन्याखाली उभ्या राहून ओरडायच्या, "अरे धाकट्या, तुझ्या नळाचं पाणी हिच्या डोळ्यांत खुपतंय."

मग एका दुपारी दीर खाली आला. हातात रुमालाची पुरचुंडी होती, धरलेली अशी की जणू चिमणी पकडलीय.

"वहिनी, एक काम होतं."

"सासूबाईंना सांगा. त्या मला सांगतील."

तो आत आला. टेबलावर रुमाल सोडला. आत दगडासारखे, काळपट तपकिरी तीन तुकडे होते आणि चिमूटभर पूड.

तर ती गोष्ट अशी होती. चुनखडीच्या खाणीत एक कवटी सापडली होती. वाघाची, पण आजच्या वाघाची नव्हे. लाखो वर्षांपूर्वी हा वाघ हिंडत होता, मग त्याचं कूळ बुडालं, आणि मागे राहिलं ते हाडाचा दगड होऊन. असा वाघ होता हेच मुळी या एका कवटीवरून कळलं होतं. तिची उजवी बाजू खाणीच्या यंत्राने भरडली होती. डावी शाबूत, आणि तिच्यात एकच सुळा, मुळासकट वीतभर. तो सुळा खोबणीत सैल होता म्हणून कुणी नीट बघण्याआधीच काढून साफ करायला दिराकडे दिला होता. दिराने तो धुऊन खिडकीत वाळत ठेवला. तो खाली पडला.

"आणि टोकाची पूड कशी झाली?"

"उचलायला वाकलो."

"वाकल्याने पूड होते?"

"पाय पडला."

तिने त्याच्या बुटाकडे पाहिलं. चांगला जाड टाचेचा होता.

"तुमच्या साहेबांना सांगा."

"सांगितलं तर उद्यापासून घरी बसेन."

तेवढ्यात सासूबाई आतून आल्या, जेवणाचं ताट हातात तसंच. "तुझ्या नवऱ्याचा सख्खा भाऊ आहे तो. तुझ्या हाताला कला आहे म्हणतेस ना? मग दाखव की. का नुसती म्हाताऱ्यांची बोळकी भरतेस?"

आता खरं सांगायचं तर ती सासूच्या बोलण्याने पाघळली नाही, आणि दिराने समोरच्या खोलीचं नाव पुन्हा काढणार नाही असं कबूल केलं त्यानेही नाही, जरी ते कबूल करून घ्यायला ती विसरली नाही. तिचा जीव अडकला होता त्या तुकड्यांत. जन्मात एवढा दात तिच्या टेबलावर आला नव्हता. बोटं शिवशिवत होती.

"टोक कसं होतं?"

"टोकासारखं."

"अणकुचीदार की झिजलेलं? हातात घेतला होतात ना?"

"वहिनी, दिवसाला शंभर हाडं हातात घेतो. म्हातारा वाघ होता म्हणतात साहेब. पुरे?"

पुरे कसलं, तिच्या धंद्यात हा एकच शब्द लाख मोलाचा. डॉक्टरांच्या चिठ्ठीवर वय लिहिलेलं असतं, ते उगीच नव्हे. सत्तरीच्या माणसाला पांढरेशुभ्र टोकदार दात लावले तर नातवाचे चोरल्यासारखे दिसतात. म्हाताऱ्याचा दात म्हाताराच करायचा. जरा पिवळा, जरा घासलेला, एखादी चीर. म्हातारा म्हटल्यावर तिच्या हातांनी पुढचं ठरवूनच टाकलं. प्रश्न एवढाच की वाघाचा सुळा झिजतो कसा. वाघ तर ओळखीचा नव्हता. पण समोर सासूबाई जेवत बसल्या होत्या. उजव्या दाढा गेल्यापासून त्या सगळं डावीकडून चावायच्या, आणि त्यांचा डावा सुळा बाहेरच्या अंगाने तिरपा घासला गेला होता, कोयत्याच्या पात्यासारखा. कवळीवाली तीन दिवस त्यांना समोर बसवून जेवायला वाढत होती. सासूबाईंना वाटलं सून सुधारली.

मुळाच्या तुकड्यांवरून तिने माप घेतलं, टोक मेणात कोरलं, अख्खा सुळा कवळीच्याच मसाल्यात नवा ओतला, उकळला, घासला. रंगासाठी वरून तपकिरी भुकटी, आणि चिरांमध्ये भरायला बुटाचं पॉलिश. चौथ्या दिवशी दिराने दात हातात घेतला, उजेडात फिरवला, म्हणाला, "चालेल." तुकडे परत मागून घेतले. त्यांचं पुढे काय झालं ते संग्रहालयामागच्या गटाराला ठाऊक.

अठरा वर्षं गेली.

वाघ काचेच्या पेटीत बसला. संचालकांनी त्याच्या म्हातारपणावर पुस्तक लिहिलं. दीर कार्यशाळेचा मुख्य झाला. पेटीमागे भिंतीवर त्याचा फोटो लागला, हातात ब्रश घेऊन वाघाकडे प्रेमाने बघताना. एकदा कवळीवाली गर्दीतून तिकडे गेली होती. माहिती सांगणारा माणूस शाळेच्या मुलांना सांगत होता की या वाघाच्या सुळ्याची झीज बघा, याला उजव्या बाजूने चावता येत नव्हतं, म्हातारपणी फार हाल झाले असतील. तिने पदर तोंडाला लावला. मुलांना वाटलं बाईला वाघाची दया आली. घरी येऊन तिने कुणाला काही सांगितलं नाही. सांगायला होतं कोण?

आणि मग संग्रहालयात एक चष्मेवाली आली. शिकलेली, तरणी, याच वाघाच्या झिजलेल्या सुळ्यावर मोठा निबंध लिहिणारी. वाघ काय खात होता हे दाताच्या पुडीवरून काढता येतं म्हणे. तिने केसाएवढ्या बारीक सुईच्या यंत्राने सुळ्याला मागून टोचलं. पूड निघायची ती निघाली नाही. निघाली पांढरी सालं, पेन्सिलीला टोक काढताना निघतात तशी, आणि खोलीभर दातांच्या दवाखान्याचा वास.

संचालकांनी दिराला बोलावलं. दिराच्या निवृत्तीला तीन महिने राहिले होते, निरोपाचं भाषणही लिहून झालं होतं. तो म्हणाला, "तेव्हा एकदा रंग न्याहाळायला घरी नेला होता, चार दिवस. माझी वहिनी खाली कवळ्या करते. अख्खा दात तिच्या टेबलावर होता. माझा विश्वास होता हो घरच्या माणसावर."

म्हणजे खरा सुळा हिने लांबवला आणि तसाच दुसरा करून ठेवला. असं झालं.

तीन दिवसांत ही बातमी जिना उतरून रस्त्यावर आली. एका डॉक्टरांचा डबा येईनासा झाला, मग दुसऱ्यांचा. दुसऱ्यांकडचा कंपाउंडर उरलेली मापं न्यायला आला तो उंबऱ्याबाहेरच उभा राहिला आणि त्याने मापं मोजून घेतली, तिच्या देखत, दोनदा. तक्रार पोलिसांत जाणार होती. त्याआधी संचालकांनी एकदा समक्ष भेटायला बोलावलं होतं.

"कबूल करून टाक," सासूबाई म्हणाल्या. अठ्ठ्याऐंशीच्या झाल्या होत्या, पण आवाज जिन्यासाठी कमावलेला. "त्याची नोकरी आहे, मानमरातब आहे. तुझं काय जातंय?"

"नाव जातंय."

"तुझं नाव कोणाला ठाऊक आहे? कवळीवाली म्हणतात सगळे."

"उद्यापासून चोर म्हणतील. कवळीवालीवर माझं भागत होतं."

"धाकट्याच्या मुळावर उठलीस तू."

"मुळाचे तीनच तुकडे झाले होते, सासूबाई. पूड टोकाची झाली."

सासूबाईंना ते कळलं नाही, पण त्यांनी ताट सरकवलं.

संचालकांची खोली लांबट होती, तिच्यात लांबट टेबल, त्यावर फोमच्या तुकड्यावर वाघाची कवटी, आणि बाजूला मऊ कापडावर तो सुळा. एका कडेला दीर, इस्त्रीच्या शर्टात. समोर चष्मेवाली, तोंड असं की रात्रभर झोपली नसावी. कवळीवालीला कुणी बस म्हटलं नाही, तेव्हा तिने आपली आपण खुर्ची ओढली. खुर्ची फरशीवर कर्रकन वाजली आणि तिला जरा बरं वाटलं.

"हा तुम्ही केला?" संचालकांनी विचारलं.

"मीच केला."

दिराने सुस्कारा सोडला, कबुली मिळाल्यासारखा.

"आणि खरा?"

"खरा यांनी फोडून आणला होता. रुमालात."

"अख्खा दिला होता मी," दीर म्हणाला. "वहिनी, अजून वेळ गेलेली नाही. कुणाला दिलात ते सांगा, मी साहेबांच्या पाया पडेन तुमच्यासाठी."

"आधी माझ्या पडा. अठरा वर्षं राहिलंय."

संचालकांनी टेबलावर बोट आपटलं. "बाई, पुरावा आहे का काही?"

तिने सुळा उचलला. चष्मेवालीचा हात नकळत पुढे आला आणि मागे गेला. आता त्याला जपायचं कारण नव्हतं.

"मी चोरला असता," कवळीवाली म्हणाली, "तर हा असा नसता."

"म्हणजे?"

"म्हणजे बरोबर असता."

मग तिने सांगायला घेतलं, हळूहळू, जसं नव्या कवळीवाल्या म्हाताऱ्याला सांगतात. अख्खा दात हातात असला तर डोकं लागत नाही. साच्यात दाबायचा, साचा उघडायचा, मसाला ओतायचा; केसाचा फरक पडत नाही. आमच्यात हे पहिल्या आठवड्यात शिकवतात. पण मला टोक मिळालंच नाही. मिळाली ती पूड. टोक मी मनाने केलं. आणि मनाने केलेलं कधी बरोबर येत नाही.

"पण ही झीज मनाची नाही," चष्मेवाली एकदम म्हणाली. आवाज तिखट होता. "मी भिंगाखाली बघितलीय. दिशा आहे तिला. ओरखडे आहेत."

"ओरखडे पॉलिश पेपरचे. शेवटी जुन्या मोज्याने घासलाय."

"अशी झीज कुणी मनाने करू शकत नाही. खऱ्या दाताची आहे ती."

"खऱ्याच दाताची आहे. माझ्या सासूच्या."

संचालकांनी चष्मा काढला. दीर उठून उभा राहिला. "साहेब, ही आईला मध्ये आणते. आमची आई अठ्ठ्याऐंशीची आहे."

"मी आज नाही आणलं," ती म्हणाली. "त्या अठरा वर्षं पेटीत आहेत."

हसायला कुणी तयार नव्हतं. तिने एकेकाच्या तोंडाकडे पाहिलं, सवयीने, आणि तेव्हा कुठे तिला उमगलं. चष्मेवालीचा निबंध या झिजेवर उभा होता. संचालकांचं पुस्तकही. हिने अख्खा दात चोरून त्याची नक्कल केली असेल, तर झीज खरी ठरत होती, निबंध खरा, पुस्तक खरं. नुसता एक दात गेला. आणि हिचं खरं मानलं, तर दाताबरोबर ते सगळं जात होतं. त्या खोलीत हिला चोर म्हणणं सगळ्यांच्याच सोयीचं होतं. दिराच्या एकट्याच्या नव्हे.

मग तिने आवाज खाली आणला. भांडताना तो वर जातो, पण ती आता भांडत नव्हती. "सापडला त्या दिवशीचा फोटो असेल ना? यांच्या हातात येण्याआधीचा?"

"ते फोटो ओल येऊन खराब झाले," दीर म्हणाला. फारच पटकन म्हणाला.

चष्मेवालीने त्याच्याकडे बघितलं. मग सुळ्याकडे. अठरा वर्षांत कुणी तो फोटो काढून बघितला नव्हता. वस्तू समोर असताना फोटो कोण बघतो? ती उठली आणि बाहेर गेली.

अर्धा तास तिघं तसेच बसून होते. संचालक तीन वेळा पाणी प्यायले. दीर एकदा म्हणाला, "वहिनी, उद्या आपल्याला एकाच जिन्यावर राहायचंय." ती म्हणाली, "म्हणून तर."

चष्मेवाली परत आली तेव्हा तिच्या बाहीला धूळ होती. एक पिवळं पाकीट तिने टेबलावर ठेवलं, उघडलं, आणि फोटो संचालकांपुढे सरकवला. खाणीतल्या कुणाचा तरी मातीचा हात होता, त्यात तो सुळा, शेजारी पट्टी. अख्खा. आणि टोक असं अणकुचीदार की आत्ता कुणाला तरी टोचेल. झीज नावालाही नाही.

"माझा निबंध गेला," चष्मेवाली म्हणाली. कवळीवालीकडे तिने असं बघितलं, जणू आपली चोरी झाली ती याच बाईने केली. माफी वगैरे तिने मागितली नाही, आणि तिच्याकडून हिने अपेक्षाही केली नाही. पोरीने पाकीट आणलं होतं, तेवढं खूप झालं. न आणतीही.

कवळीवालीने फोटो हातात घेतला तो बराच वेळ सोडला नाही. तो वाघ म्हातारा नव्हताच; साहेबांच्या नावावर दिराने तेव्हा नुसतं ठोकून दिलं होतं. भर ज्वानीतला होता. अठरा वर्षं तिने एका तरण्या जनावराच्या तोंडात म्हातारीचा दात बसवून ठेवला होता, आणि वर मनातल्या मनात हसली होती. चोर नसल्याचं सिद्ध झालं होतं, पण काम चुकल्याचंही झालं होतं, आणि हे दुसरं तिला अनेक दिवस टोचत राहणार होतं. तिच्या टेबलावरून इतकं चुकीचं काम कधी गेलं नव्हतं.

संचालकांनी घसा साफ केला. "झालं ते झालं. नोंदवहीत लिहू, साफसफाई करताना सुळा फुटला. प्रकरण मिटलं."

"कुणाच्या हातून फुटला?"

"त्याची गरज काय? यांचे तीन महिने राहिलेत."

"तीन दिवसांत मी चोर झाले, साहेब, नावानिशी. तेव्हा गरज होती. यांच्या हाताने लिहू दे. मला फार वाचता येत नाही, तेव्हा लिहून मोठ्याने वाचू दे."

दिराने पेन घेतलं. लिहिताना त्याचे कान लाल झाले होते. "सदर सुळा," तो वाचू लागला, "साफ करून मी खिडकीत वाळत ठेवला, तो पडून फुटला."

"पायाचं राहिलं."

दिराने तिच्याकडे बघितलं. चार वर्षांच्या अबोल्यातही त्याने तिच्याकडे असं बघितलं नव्हतं. मग त्याने पायाचं लिहिलं.

ते झाल्यावर संचालकांनी फोटो तिच्यापुढे ठेवला. आवाज आता गोड होता. पेटी रिकामी ठेवता येत नाही, लोक येतात, वाघाला सुळा हवा. आता फोटो आहे, माप आहे. तुम्ही नवा करून द्या, या खेपेला खाली तुमचं नाव घालू.

तिने कवटी जवळ ओढून खोबणीत बोट घातलं. खोबण चांगली खोल होती. दात मस्त बसला असता. पिशवीत मेणही होतं, तिच्या पिशवीत ते असायचंच.

"नाही," ती म्हणाली.

"का बरं?"

"लोक विचारू देत ना, दात कुठे गेला. नोंदवहीत उत्तर आहे. तेच पेटीवर लावा."

सासूबाई त्याच संध्याकाळी गादी घेऊन वर राहायला गेल्या. जिना चढताना प्रत्येक पायरीवर थांबून त्या सगळ्या इमारतीला सांगत होत्या की सुनेने माझं तोंड जगाला दाखवलं. पहिल्या डॉक्टरांचा डबा आठवड्याने आला, तो तिने घेतला. दुसऱ्यांचाही आला, त्याच कंपाउंडरच्या हाती. त्याला तिने उंबऱ्याबाहेरच उभं केलं, डब्यातलं एक-एक माप त्याच्यासमोर मोजलं, दोनदा, आणि डबा परत दिला. "पुरी आहेत म्हणून सांग डॉक्टरांना. करायला दुसरं कुणी बघा."

पेटीवर चिठ्ठी लागली. वाघ तोंडात खोबण घेऊन बसला, आणि मुलं विचारायची, आणि माहिती सांगणारा माणूस चिठ्ठीकडे बोट दाखवायचा. भिंतीवरचा ब्रशवाला फोटो मात्र कुणी काढला नाही, त्यामुळे चिठ्ठीतल्या नावाचा माणूस बघायला मान जराशीच वर करावी लागायची.

निवृत्तीच्या आदल्या दिवशी दीर खाली आला. दारातच उभा राहिला.

"एक दात केला असतात, तर सगळं झाकलं गेलं असतं."

"म्हणूनच केला नाही," ती म्हणाली, आणि तिने घासायची मोटर चालू केली. ती चालू असली की दारातलं बोलणं ऐकू येत नाही.